उलेमांचा शब्द आणि कायद्याची चौकट
धर्मपंडितांच्या संघटनांना अधिकार कोणी दिला आणि त्याची मर्यादा कोठे संपते?

विशेष प्रतिनिधी, परभणी

अनंत चतुर्दशी आणि ईद-ए-मिलाद हे दोन्ही दिवस २०२३ मध्ये २८ सप्टेंबरला एकत्र आले. गणेश विसर्जनाची मिरवणूक आणि ईदचा जुलूस एकाच दिवशी, बहुतेक गावांत एकाच रस्त्याने निघणार, ही पोलीस यंत्रणेची झोप उडवणारी गोष्ट होती. मात्र राज्यात अनेक ठिकाणी मुस्लिम संघटनांनी व उलेमांनी जुलूस एक दिवस पुढे ढकलण्याचा निर्णय घेतला आणि राज्य शासनाने २९ सप्टेंबरची सुटी जाहीर केली. पुढच्या दोन्ही वर्षी हे सण लागोपाठच्या दिवशी आले, तेव्हाही मुंबईसह अनेक शहरांत जुलूस विसर्जनानंतर काढण्यात आले. असे करण्याची सक्ती कोणत्याही कायद्याने केलेली नव्हती. उलेमांनी सांगितले आणि लोकांनी ऐकले, एवढेच घडले.

परभणीसारख्या जिल्ह्यात उलेमांचा हा शब्द वर्षभर या ना त्या निमित्ताने ऐकू येतो. सणापूर्वीची शांतता समितीची बैठक, ईदच्या चंद्रदर्शनाची घोषणा, घरगुती तंट्यातील समेट, आरक्षणाच्या किंवा वक्फच्या प्रश्नावरील निवेदन, या प्रत्येक प्रसंगी धर्मपंडितांच्या संघटनेचा प्रतिनिधी उपस्थित असतो. परंतु ही मंडळी कोण, त्यांना हा अधिकार कोणी दिला आणि त्यांचा शब्द कोठपर्यंत चालतो, याविषयी समाजाबाहेरील वाचकाला फारशी माहिती नसते. समाजातील अनेकांच्या मनातही या बाबतीत गोंधळ आहे. या गोंधळाची सर्वाधिक किंमत मोजावी लागते ती सल्ला आणि निकाल यांतील फरक ज्यांना कोणी समजावून सांगितलेला नसतो त्यांना, विशेषतः स्त्रियांना.

आलिम, मुफ्ती, काझी

'उलेमा' हे 'आलिम' या शब्दाचे अनेकवचन होय. आलिम म्हणजे धर्मविद्येचा जाणकार. अठराव्या शतकात लखनौच्या फिरंगी महल घराण्यातील मुल्ला निजामुद्दीन यांनी घालून दिलेला 'दर्स-ए-निजामी' हा अभ्यासक्रम थोड्याफार फरकाने आजही भारतीय मदरशांत चालतो. अरबी व्याकरण, कुराण, हदीस, धर्मशास्त्र आणि तर्कशास्त्र असे विषय त्यात असून तो पूर्ण करण्यास साधारणतः आठ वर्षे लागतात. त्यापुढे धर्मशास्त्रात विशेष अध्ययन करणारा मुफ्ती होतो आणि विचारलेल्या प्रश्नावर धार्मिक मत देण्याचे काम करतो. हे मत म्हणजेच फतवा. मशिदीत नमाजाचे नेतृत्व करणारा तो इमाम आणि कुराण मुखोद्गत असलेला तो हाफिज. प्रत्येक इमाम मुफ्ती नसतो आणि प्रत्येक मौलानाला फतवा देता येत नाही.

काझीचे स्थान मात्र वेगळे होते. काझी हा मुळात राज्यसत्तेने नेमलेला अधिकारी. परभणीसह संपूर्ण मराठवाडा १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. संस्थानात धार्मिक बाबींसाठी स्वतंत्र खाते होते आणि काझी घराण्यांना सेवेच्या मोबदल्यात इनाम जमिनी होत्या. सप्टेंबर १९४८ च्या पोलीस कारवाईनंतर ही व्यवस्था संपुष्टात आली. मराठवाडा १९५६ मध्ये द्वैभाषिक मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात आला. काझीच्या पाठीशी असलेली राज्याची सत्ता गेली, पण निकाह, तलाक, वारसा यांविषयीचे प्रश्न घेऊन त्याच्या दारी येणारे लोक राहिले. ही पोकळी भरून काढण्याचे काम ज्या स्वयंसेवी संघटनांनी केले, त्यांत उलेमांच्या संघटना अग्रभागी होत्या.

एक नाव, अनेक प्रवाह

या संघटनांपैकी सर्वांत जुनी व देशव्यापी म्हणजे जमियत उलमा-ए-हिंद. खिलाफत चळवळीच्या काळात, १९१९ मध्ये तिची स्थापना झाली. देवबंदच्या दारुल उलूमशी जवळीक असलेल्या उलेमांचे तिच्यावर प्रारंभापासून वर्चस्व राहिले. तिने काँग्रेसला साथ दिली आणि फाळणीला विरोध केला. तिचे नेते मौलाना हुसेन अहमद मदनी यांनी १९३८ मध्ये, हिंदू व मुसलमान मिळून एक राष्ट्र होऊ शकते, अशी धर्मशास्त्रीय मांडणी ग्रंथरूपाने केली. संघटनेची रचना राजकीय पक्षासारखी, म्हणजे शहर, जिल्हा, राज्य अशा शाखांची आहे. अध्यक्षाला 'सदर' आणि सचिवाला 'नाजिम' म्हणतात. महाराष्ट्राची स्वतंत्र राज्य शाखा आहे.

मौलाना असद मदनी यांच्या २००६ मधील निधनानंतर नेतृत्वाचा वाद उद्भवला आणि २००८ मध्ये संघटना दुभंगली. एका गटाचे नेतृत्व मौलाना अर्शद मदनी यांच्याकडे, तर दुसऱ्याचे मौलाना महमूद मदनी यांच्याकडे गेले. दोघे नात्याने काका-पुतणे. त्यामुळे 'जमियत'च्या नावाने एखादे पत्रक येते, तेव्हा ते कोणत्या जमियतचे, हे पाहावे लागते.

नावांच्या सारखेपणामुळे आणखी एक घोटाळा नेहमी होतो. १९४१ मध्ये स्थापन झालेली जमात-ए-इस्लामी ही वेगळी, केवळ उलेमांपुरती मर्यादित नसलेली संघटना आहे. तबलिगी जमात ही धार्मिक आचरणाची शिकवण देत फिरणारी चळवळ असून ती राजकीय निवेदने काढत नाही. मुस्लिम पर्सनल लॉ बोर्डाची स्थापना १९७३ मध्ये हैदराबादेत झाली आणि त्यात विविध पंथांचे प्रतिनिधी आहेत. 'बोर्ड' हे नाव सरकारी वाटत असले, तरी ती खासगी संस्थाच आहे.

शिवाय सर्व मुसलमान देवबंदी विचारांचे नाहीत. परभणी शहरात सय्यद शाह तुराबुल हक यांच्या दर्ग्याचा उरूस दर फेब्रुवारीत भरतो. त्याला मराठवाड्यातून व शेजारच्या तेलंगणातून सर्व धर्मांचे भाविक लोटतात. चादर चढवणे, नवस बोलणे, कव्वाली या गोष्टी देवबंदी उलेमांना मान्य नाहीत, तर बरेलवी परंपरेत दर्ग्याला आदराचे स्थान आहे. अहले हदीस पंथाची भूमिका याहून वेगळी. म्हणजे या एकाच शहरात उलेमांचे एकमत नसलेले विषय कितीतरी आहेत. एखाद्या परिषदेचे मत हे 'मुस्लिम समाजाचे मत' म्हणून छापणे म्हणूनच सयुक्तिक ठरत नाही.

संकटकाळी आधार

परभणीकरांच्या स्मरणात २१ नोव्हेंबर २००३ हा दिवस आजही आहे. रमजानमधील शेवटच्या शुक्रवारी, नमाजाच्या वेळी शहरातील मोहम्मदिया मशिदीत बॉम्बस्फोट झाला आणि अनेक जण जखमी झाले. त्यानंतर २७ ऑगस्ट २००४ रोजी, पुन्हा शुक्रवारीच, जिल्ह्यातील पूर्णा येथे आणि शेजारच्या जालना शहरात मशिदींना लक्ष्य करण्यात आले. अशा वेळी जमाव रस्त्यावर येतो, अफवा पसरतात आणि प्रशासनाला तातडीने कोणाशी तरी बोलावे लागते. लोकप्रतिनिधींच्या शब्दाला पक्षाचा वास येतो आणि पोलिसांच्या शब्दावर जखमी समाज लगेच विश्वास ठेवत नाही. मशिदीच्या मिंबरवरून आलेले शांततेचे आवाहन मात्र त्याच मोहल्ल्यातील माणसाचे असते. उलेमांच्या सार्वजनिक स्थानाचे मूळ बऱ्याच अंशी येथे आहे.

दुसरे कार्य न्यायालयीन मदतीचे. जमियतच्या महाराष्ट्र शाखेच्या विधी साहाय्य समितीने दहशतवादाच्या अनेक खटल्यांत आरोपींना वकील पुरविले. २०२३ मध्ये निधन पावलेले गुलजार आझमी हे दीर्घकाळ या समितीचे सूत्रधार होते. मालेगावच्या २००६ मधील स्फोटांच्या खटल्यात अटक झालेल्या मुस्लिम आरोपींना २०१६ मध्ये न्यायालयाने दोषमुक्त केले. मुंबईच्या ११ जुलै २००६ च्या लोकल स्फोट खटल्यात उच्च न्यायालयाने २१ जुलै २०२५ रोजी सर्व १२ आरोपींची निर्दोष मुक्तता केली. काही दिवसांतच सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल अन्य खटल्यांत दाखला म्हणून वापरण्यास स्थगिती दिली, मात्र सुटलेल्यांना पुन्हा तुरुंगात पाठविले नाही.

परभणीचा संबंध थेट आला तो २०१६ मध्ये. इस्लामिक स्टेटशी संबंध असल्याच्या संशयावरून दहशतवादविरोधी पथकाने जिल्ह्यातील तरुणांना अटक केली. त्यांपैकी एकाला ऑगस्ट २०२१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने जामीन दिला, तर दुसऱ्याने गुन्हा कबूल केल्यावर २०२२ मध्ये विशेष न्यायालयाने त्याला सात वर्षांची शिक्षा सुनावली. आरोपीला वकील मिळणे हा घटनादत्त हक्क आहे. तो मिळवून देणे म्हणजे आरोपीच्या कृत्याचे समर्थन करणे नव्हे, आणि असे साहाय्य मिळालेला प्रत्येक आरोपी निर्दोष असतो असेही नव्हे. देवबंदच्या दारुल उलूमने फेब्रुवारी २००८ मध्ये हजारो उलेमांच्या उपस्थितीत दहशतवादाचा निषेध केला आणि त्याच वर्षी मे महिन्यात दिल्लीच्या रामलीला मैदानावर त्याविरुद्ध फतवा वाचून दाखवला गेला. या दोन्ही गोष्टी एकत्रच पाहायला हव्यात.

फतवा म्हणजे निकाल नव्हे

शांतता राखण्याच्या वा वकील देण्याच्या कामी उलेमांचा शब्द समाजाच्या बाहेरही उपयोगी पडतो. खरा प्रश्न निर्माण होतो तो घराच्या आत. नवऱ्याने टाकलेली, निकाहनामा हाती नसलेली, माहेरी परतलेली एखादी स्त्री अनेकदा प्रथम जाते ती दारुल कजा किंवा मौलानांकडे. त्याची कारणे उघड आहेत. तेथे खर्च नाममात्र असतो, भाषा घरची असते आणि तारखांमागून तारखा पडत नाहीत. समेट झाला, मेहर व सामान परत मिळाले, तर तिच्या दृष्टीने प्रश्न सुटतो. पण समेट झाला नाही तर? तेथे मिळालेल्या कागदाची किंमत काय?

याचे उत्तर कायद्याने फार पूर्वी दिले आहे. १८८० च्या काझी कायद्यातच असे नमूद आहे, की काझीच्या नेमणुकीमुळे त्याला न्यायदानाचे किंवा प्रशासनाचे अधिकार मिळत नाहीत आणि निकाहाच्या वेळी काझी हजर असणेही बंधनकारक नाही. सर्वोच्च न्यायालयाने ७ जुलै २०१४ रोजी विश्वलोचन मदन यांच्या याचिकेवर निकाल देताना ही स्थिती अधिक स्पष्ट केली. दारुल कजा हे न्यायालय नाही, फतवा कोणावरही बंधनकारक नाही आणि तो लादता येत नाही, असे न्यायालयाने सांगितले. मात्र या संस्था बेकायदा ठरवून बंद करण्याची मागणी मान्य केली नाही. त्याचबरोबर एक महत्त्वाची मर्यादा घातली. एखाद्या व्यक्तीच्या हक्कांना बाधा आणणारा फतवा, त्या व्यक्तीने स्वतः विचारल्याशिवाय, कोणा त्रयस्थाच्या सांगण्यावरून देऊ नये. उत्तर प्रदेशातील २००५ च्या इम्राना प्रकरणाची पार्श्वभूमी या खटल्याला होती. २०२५ मध्ये पोटगीच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने काझी न्यायालय किंवा शरीयत न्यायालय अशा नावांनी ओळखल्या जाणाऱ्या संस्थांना कायद्यात मान्यता नसल्याचा पुनरुच्चार केला.

मराठवाड्यातील वाचकाला याहून जवळचा निकाल आहे तो मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाचा. मे २००२ मध्ये दगडू पठाण विरुद्ध रहिमबी या खटल्यात पूर्णपीठाने असा निर्वाळा दिला, की 'मी पूर्वीच तलाक दिला आहे' एवढे न्यायालयात लेखी सांगितल्याने तलाक सिद्ध होत नाही. तलाक दिला होता, त्यास सबळ कारण होते आणि त्यापूर्वी दोन्ही बाजूंच्या मध्यस्थांकरवी समेटाचा प्रयत्न झाला होता, हे पतीला सिद्ध करावे लागते. समेटाची ही अट पूर्णपीठाने कुराणाच्याच आधारे सांगितली. सर्वोच्च न्यायालयाने एकाच दमातील तिहेरी तलाक रद्दबातल ठरवला तो त्यानंतर पंधरा वर्षांनी, २२ ऑगस्ट २०१७ रोजी. २०१९ च्या कायद्याने तो गुन्हा ठरला. जुलै २०२४ मध्ये, घटस्फोटित मुस्लिम स्त्रीला फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ खाली पोटगी मागता येते, हेही सर्वोच्च न्यायालयाने निःसंदिग्धपणे सांगितले.

पत्नीने मागितलेल्या विभक्ततेचे, म्हणजे खुलाचे, काय? येथे न्यायालयांनीही एकाच शब्दांत उत्तर दिलेले नाही. मद्रास उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये सांगितले, की शरीयत परिषदेसारख्या खासगी संस्थांनी दिलेले खुला प्रमाणपत्र ग्राह्य नाही आणि स्त्रीने कौटुंबिक न्यायालयात जावे. तेलंगण उच्च न्यायालयाने जून २०२५ मध्ये म्हटले, की खुला हा स्त्रीचा स्वयंसिद्ध हक्क असून त्यासाठी मुफ्तीच्या प्रमाणपत्राची गरजच नाही, मुफ्तीची भूमिका केवळ सल्लागाराची आहे. दोन्ही निकालांतून एक गोष्ट समान निघते. दारुल कजाचा कागद हा शेवटचा शब्द नाही. पुनर्विवाह, मुलांचा ताबा, मालमत्ता किंवा शासकीय योजना यांसाठी प्रश्न उभा राहिला, तर कायद्याची मोहोर न्यायालयातच उमटते. त्यासाठी पैसा नाही, ही अडचण मोठी असली तरी निरुत्तर नाही. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानुसार कोणत्याही स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असले तरी, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो.

सुधारणेचा विसरलेला धडा

उलेमा म्हणजे सुधारणेला विरोध, हे समीकरण सरसकट खरे नाही. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात हनफी परंपरेनुसार स्त्रीला नवऱ्यापासून सुटका मिळवणे इतके दुरापास्त होते, की काही स्त्रिया केवळ विवाह संपावा म्हणून धर्मांतर करू लागल्या. मौलाना अश्रफ अली थानवी यांनी तेव्हा मालिकी परंपरेतील उदार नियमांचा आधार घेऊन मार्ग सुचवला. जमियतने त्याला पाठिंबा दिला आणि त्यातून १९३९ चा मुस्लिम विवाह विच्छेद कायदा आला. पती चार वर्षे बेपत्ता असणे, दोन वर्षे पोटगी न देणे, क्रूरतेने वागणे अशा कारणांवर स्त्रीला न्यायालयातून विवाह रद्द करून घेता येऊ लागला. असे दावे मुस्लिम न्यायाधीशानेच ऐकावेत ही उलेमांची मागणी मात्र मान्य झाली नाही. तरीही कायदा टिकला आणि आजही लागू आहे.

त्यानंतरच्या काळात पुढाकार उलेमांच्या हातून निसटला. १८ एप्रिल १९६६ रोजी हमीद दलवाई यांनी सात स्त्रियांना घेऊन मुंबईत विधिमंडळावर मोर्चा नेला आणि २२ मार्च १९७० रोजी पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केले. तिहेरी तलाक आणि बहुपत्नीत्व यांविरुद्धची त्यांची भूमिका उलेमांना रुचणारी नव्हती. पुढे १९८५ च्या शाहबानो निकालानंतर उलेमांनी विरोधाचा झेंडा उचलला आणि १९८६ चा कायदा घडवून आणला. २०१७ च्या खटल्यात पर्सनल लॉ बोर्डाने प्रतिज्ञापत्राद्वारे, निकाह लावणाऱ्यांनी वधूवरांना तिहेरी तलाक टाळण्याचा सल्ला द्यावा असे सूचित करू, असे सांगितले. ही सूचना वीस वर्षे आधी प्रत्येक मशिदीत पोहोचली असती, तर कदाचित फौजदारी कायद्याची चर्चा वेगळ्या वळणाने गेली असती.

शिक्षणाच्या बाबतीतही असाच ताण दिसतो. शालेय वयाच्या मुस्लिम मुलांपैकी जेमतेम तीन-चार टक्के मुले मदरशांत जातात, असे २००६ च्या सच्चर समितीच्या अहवालात नमूद आहे. उरलेल्यांचा प्रश्न शाळेचा आहे. अक्कलकुव्याच्या जामिया इस्लामिया इशाअतुल उलूमचे संस्थापक मौलाना गुलाम वस्तानवी यांनी मदरशाच्या जोडीला व्यावसायिक महाविद्यालये काढली. जालना जिल्ह्यातील बदनापूरजवळचे वैद्यकीय महाविद्यालय हे त्याच परिवारातील. हेच वस्तानवी २०११ मध्ये देवबंदचे कुलगुरू झाले आणि काही महिन्यांतच त्यांना पद सोडावे लागले. उलेमांच्या जगातही बदलाचे समर्थक आणि विरोधक असतात, हे त्यातून दिसले. वस्तानवी यांचे मे २०२५ मध्ये निधन झाले.

विश्वासाची जबाबदारी

उलेमांच्या संघटनेचे बळ लोकांच्या विश्वासात आहे. राज्यसत्तेने नेमलेल्या काझीला अधिकार होता, आजच्या परिषदेला फक्त मान आहे. मानाने जुलूसाची तारीख बदलता येते, भडकलेला जमाव घरी पाठवता येतो, दोन कुटुंबांना एकत्र बसवता येते. पण मानाच्या जोरावर कोणाला वाळीत टाकता येत नाही. तसा प्रयत्न कोणत्याही समाजाच्या पंचायतीने केला, तर महाराष्ट्राच्या २०१६ च्या सामाजिक बहिष्कारविरोधी कायद्याखाली तीन वर्षांपर्यंत कारावास किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही होऊ शकतात.

प्रशासनानेही याचा विचार करावयास हवा. मुस्लिम समाजाशी संवाद साधायचा म्हणजे चार मौलानांना बैठकीस बोलावायचे, ही सवय सोयीची आहे. तीत डॉक्टर, शिक्षिका, बचत गटातील स्त्रिया, तरुण वकील यांचा आवाज येत नाही. उलेमांनी आपल्या जागी राहावे, परंतु सगळ्या जागा त्यांनाच देऊ नयेत.

आणि उलेमांकडून अपेक्षा एकच. दारी आलेल्या स्त्रीला धर्माचे मत सांगताना, 'हा आमचा सल्ला आहे, तुझा न्यायालयात जाण्याचा हक्क अबाधित आहे', हे वाक्यही त्याच कागदावर लिहून द्यावे. त्यासाठी ना नवा कायदा लागतो, ना नवा फतवा. १९३९ मध्ये त्यांच्या पूर्वसुरींनी स्त्रीला न्यायालयाचा दरवाजा दाखवला होता. परभणीतील मशिदींतून आज तेवढेच सांगितले गेले, तरी उलेमांच्या शब्दाचे वजन घटणार नाही, वाढेलच.